पडद्यावरची शेजारीण

सौदीत यान्बूला आमच्या कॉलनीत एक जपानी म्हातारी राहते. तिचा मुलगा नि माझा मुलगा एकाच रिफायनरीत कामाला आहेत. तिचं नाव माझ्या तोंडात बसत नाही. संध्याकाळी कॉलनीच्या बागेतला अख्खा बाक रिकामा असला तरी ती कडेलाच टेकते. मी म्हणतो, "अगो, मध्ये बस की! कोण उठवणाराय तुला?" ती हसते, पण सरकत नाही.

तिचं बोलणं मोबाईल हिंदीत सांगतो, तेही पुरुषासारखं. "मैं फिल्म में काम करता था. हमेशा पड़ोसन बनता था." बायको गेल्यावर मी पहिल्यांदा हसलो तो त्या दिवशी.

हिरॉइन ती कधी झाली नाही. सिनेमात हिरोची आई मरायला टेकली की ही उशाशी बसून तिचे ओठ ओले करायची. शेवटचं पाणी त्यांच्यातही देतात म्हणे.

"करून दाखव," मी म्हटलं.

तिने बाटलीतल्या पाण्यात बोट बुडवलं. दुसऱ्या हाताने हवेतच एक डोकं हलकेच उचललं, ओठांवरून बोट फिरवलं. मग नसलेली हनुवटी रुमालाने पुसली.

माझी बायको रत्नागिरीला वारली तेव्हा मी इथे होतो. शेजारच्या भाभीने तिला मक्केचं झमझमचं पाणी पाजलं, एवढंच मला ठाऊक. पुढचं विचारायची माझी छाती झाली नव्हती.

बाकावरूनच मी गावी फोन लावला.

"भाभी, तिला पाणी तूच पाजलंस ना? कसं पाजलंस, ते सांग. नि हनुवटी पुसलीस काय गो?"