शुलीमावशीचा घरचा आवाज

शुलीमावशी गेल्याचा फोन आला तेव्हा सेंटरमध्ये मुलं झोपलेली होती. दुपारचा तो दीड तास आम्ही चाइल्डकेअरवाल्या फार जपतो, फोन तर लॉकरमध्येच असतो. रिसेप्शनवरच्या मुलीने पाय न वाजवता येऊन सांगितलं की कुणा नोआचा तीनदा फोन आला. नोआ म्हणजे मावशीची एकुलती मुलगी. ती मला आपणहून कधी फोन करत नसे, म्हणून मी मागच्या अंगणात, वाळूच्या खड्ड्याजवळ जाऊन तिला फोन लावला. तिने मोजकंच सांगितलं. सकाळी गेली, त्रास झाला नाही, दफन उद्या अकराला, आमच्या ज्यूंमध्ये थांबवत नाहीत. मी बरं म्हणाले. आत आले, एकीच्या अंगावरची चादर नीट केली आणि उरलेली शिफ्ट पुरी केली... रडू आलं नाही. खरं सांगायचं तर मी थकलेली होते, आणि तो थकवा त्या एका दिवसाचा नव्हता. आता पाच आठवडे झाले. मावशीबद्दल कुणीतरी मराठीत लिहायला हवं, आणि तिला मराठीतून जवळून ओळखणारी इथे बहुतेक मीच.

सात वर्षांपूर्वी ती सिडनीजवळच्या आमच्या ब्लॅकटाउनच्या सेंटरमध्ये पहिल्यांदा आली, आठवड्यातून एकदा मुलांना गोष्ट सांगायला. मॅनेजर म्हणाली होती, एक इस्रायली बाई येणार आहे, तिकडे मुलांच्या टीव्हीवर होती म्हणे. माझ्या डोळ्यांसमोर कुणी गोरी, उंच, झगमगीत बाई होती. आली ती सावळी, बुटकी, पासष्टी ओलांडलेली, आखूड पांढऱ्या केसांची बाई, खांद्याला कापडी पिशवी. मुलांच्या त्या एवढ्याशा खुर्चीवर बसताना तिचा गुडघा कटकन वाजला आणि ती स्वतःशीच म्हणाली, "अगो बाई, मेले." मी मागे मुलांचे पेले पुसत होते. हातातला पेला तसाच राहिला. गोष्ट संपल्यावर मी जाऊन विचारलं, तुम्ही मराठी? "मी पेणची," ती म्हणाली. "सहा वर्षांची होते तोवर."

ती बेने इस्रायली. कोकणातल्या ज्या ज्यूंना आपल्याकडे शनिवार तेली म्हणत, त्यांच्यातली. वडिलांचं पेणला शिलाईचं दुकान होतं. ते मोडून सगळं कुटुंब इस्रायलला गेलं आणि दक्षिणेतल्या एका वाळवंटी गावात दोन खोल्यांत राहू लागलं. घरात आई मराठी बोलायची, म्हणून मराठी टिकली, पण टिकली ती पेणच्या त्या घराएवढीच. मावशी रेल्वेला आगगाडी म्हणायची, गाडीला मोटार. फ्रिजला तिच्याकडे मराठी शब्दच नव्हता, कारण त्या घरात फ्रिज नव्हता. पुण्याहून इथे शिकायला आलेली मी तिच्याशी बोलताना दर वाक्यात दोन इंग्रजी शब्द टाकायची आणि ती मला मध्येच थांबवून विचारायची, हे आपलं की त्यांचं?

शाळेत तिच्या हिब्रू उच्चारांना मुलं हसत. म्हणून ती प्रत्येक बाईची, प्रत्येक मुलीची बोलण्याची ढब ऐकून घरी संडासात कोंडून घेऊन तशीच्या तशी काढायला शिकली. त्यातून बालनाट्याच्या मंडळीत शिरली. व्हॅनमधून गावोगाव हिंडली, कोंबडी झाली, झाड झाली, म्हातारी झाली. पुढे टीव्हीवरच्या मुलांच्या कार्यक्रमासाठी तिची चाचणी घेतली, तेव्हा दिग्दर्शक तिच्यासमोरच दुसऱ्याला म्हणाला, आवाज ठेवू, चेहरा नको. तिच्यासारख्या काळ्या मुलीला बघून प्रेक्षक बिचकतील असं त्याचं म्हणणं होतं. तिने हे मला दोन-तीनदा तरी सांगितलं, पण रागाने नाही. बसची वेळ सांगावी तसं सांगायची... फार वर्षं वाहिलेलं ओझं माणूस खाली ठेवतो तेव्हा आवाज करत नाही, तसं.

मग एकोणीस वर्षं तिने एका टेबलाखाली उकिडवं बसून उंटाच्या पिल्लाची बाहुली चालवली. त्या पिल्लाचं हिब्रू नाव माझ्या जिभेवर कधी बसलं नाही. पिल्लू तोतरं होतं, हट्टी होतं, त्याला पाण्याची भीती वाटायची, आणि देशातली सगळी मुलं ते बघूनच संध्याकाळचं जेवत. गुडघे गेले ते तिथेच. सकाळी बाहुली आणि दुपारनंतर स्टुडिओत परदेशी कार्टूनचं डबिंग. तिला बहुतेक मुलग्यांचेच आवाज देत, कारण खऱ्या मुलग्यांचा आवाज फुटतो, तिचा फुटणार नव्हता. एकदा बेकरीत तिने पाव मागितला तर रांगेतली सगळी मुलं वळून बघायला लागली. एकाने तर वाकून काउंटरखाली बघितलं, उंट कुठे आहे म्हणून. मावशी ही आठवण सांगताना हसायची. उंट म्हणजे हीच बाई, हे त्या मुलांना सुचलंही नाही, हे मात्र मीच मनात म्हणायची.

पुढे कार्यक्रम बंद झाला, स्टुडिओत तरुण आवाज आले, नवरा गेला. नोआ फार्मसिस्ट होऊन सिडनीत स्थिरावली होती, तिने आईला बोलावून घेतलं. इथे आल्यावर मावशीने आवाजाच्या कामासाठी दोन ठिकाणी नमुने पाठवले. ॲक्सेंट आहे, असं उत्तर आलं. शंभर माणसांचे आवाज काढणारी बाई इंग्रजीत फक्त तिचा स्वतःचाच आवाज काढू शकत होती, आणि तो कुणाला नको होता. मग ती वाढदिवसाच्या पार्ट्यांना जायला लागली. पिशवीत बाहुल्या घेऊन ट्रेनने जायची, पार्कात बार्बेक्यूच्या धुरात उभी राहायची. एका पार्टीत मुलांना फुगवलेला, उड्या मारायचा किल्ला हवा होता. दहा मिनिटांत त्या मुलाची आई हसतमुखाने येऊन म्हणाली, थँक्यू, दॅट्स प्लेंटी. मावशी ताटलीत केक घेऊन झाडाखाली बसून राहिली. ट्रेन अजून तासाभराने होती.

म्हणून मी तिला स्कोफिल्ड्सच्या आमच्या शनिवारच्या मराठी वर्गाला घेऊन गेले. वर्ग म्हणजे कम्युनिटी हॉलमधल्या वीस खुर्च्या आणि घरी मराठीला इंग्रजीत उत्तर देणारी वीस मुलं. माझी मुलगी इरा त्यांतलीच. मी तिला जेवायला हाक मारली की ती 'इन अ मिनिट' म्हणणार. मावशीने पिशवीतून कापडी उंट काढला, टेबलाआड बसली, आणि तो उंट आयुष्यात पहिल्यांदा पेणच्या मराठीत बोलला. मला पाण्याचं भय वाटतं, कुणी आहे का माझ्यासंगं यायला? आणि मागच्या रांगेतून इरा म्हणाली, "मी येते." एवढे दोनच शब्द. मी भिंतीकडे तोंड करून उभी राहिले, कारण माझ्याने मुलांकडे बघवेना.

त्यानंतर मला हाव सुटली. दुसरा शब्द नाही. दर शनिवारचा वर्ग, गणपतीचा कार्यक्रम, या मंडळाचा, त्या मंडळाचा. लोक मला विचारत, मी मावशीच्या वतीने हो म्हणत असे. मग मेलबर्नहून, क्रेगीबर्नच्या मराठी मंडळींकडून बोलावणं आलं. मावशी फोनवर म्हणाली, "मनीषा, मी थकले गो." मी म्हणाले, "मावशी, एवढा एकच कार्यक्रम कर, मग खुशाल विश्रांती घे." ती पुढे काही बोलली नाही, आणि मी ते हो समजले.

हॉल भरलेला होता. पंधराएक मिनिटांनी उंटाचा आवाज बारीक झाला, मग खरखरला, मग आलाच नाही. बाहुलीचं तोंड हलत होतं, आवाज नव्हता. मुलांना तो खेळच वाटला, ती हसायला लागली. मी कडेला उभी होते. मी पाण्याचा ग्लास पुढे केला आणि हाताने खूण केली, चालू ठेव... ती खूण मला आजही दिसते. मावशीने ग्लास घेतला, पाणी प्यायली नाही, उंट टेबलावर आडवा ठेवला आणि कडेच्या दाराने बाहेर गेली. नंतर तपासण्या झाल्या तेव्हा कळलं, गळ्याला काही झालेलं नव्हतं. हृदय कमजोर झालं होतं, दम पुरत नव्हता.

एअरपोर्टवर नोआ घ्यायला आली. मावशी मागच्या सीटवर डोळे मिटून बसली. नोआने मला घरी सोडलं आणि माझ्याबरोबर गाडीतून उतरली. तोवर मी तिला घुमी समजत होते. आईच्या एकाही कार्यक्रमाला न येणारी, कोरडी मुलगी. माझ्या दारात उभं राहून तिने इंग्रजीत सांगितलं की ती पाच वर्षांची असताना मावशीच्या स्वरतंतूंवर गाठी आल्या होत्या. डॉक्टर म्हणाले, काम करायचं असेल तर बाकीच्या वेळी बोलू नका. तेव्हापासून मावशी स्टुडिओतून घरी आली की तोंड मिटायची. काही सांगायचं तर कागदाच्या चिठ्ठ्यांवर. दूध पी. स्वेटर घाल. शाब्बास. नऊ वर्षं.

"देशातल्या प्रत्येक पोराला तिचा आवाज मिळाला," नोआ म्हणाली. "आता तुझ्या पोरीलाही मिळाला. मला चिठ्ठ्या मिळाल्या."

चार महिने मी त्यांच्या घरी गेले नाही, फोन केला नाही. शरमेने म्हणा. मग मावशीचाच फोन आला, ये म्हणाली. माझ्यापासून दोन स्टेशनांवर नोआचं घर. मावशी स्वयंपाकघरात खुर्चीवर बसून मटार सोलत होती. तिने मला रागावलं नाही, समजावलंही नाही. म्हणाली, आता मी कुठे जाणार नाही. जेवढा दम उरलाय तेवढा ह्या घरात बोलणार.

आणि बोलली. वर्षभर बोलली. कुठल्या पिल्लाच्या नाही, म्हातारीच्या नाही, तिच्या स्वतःच्या जाड, जरा घोगऱ्या आवाजात. सुरुवातीला नोआ वैतागली. मला म्हणाली, ही थांबतच नाही, मी दिवसभर लोकांची प्रिस्क्रिप्शनं वाचून येते, डोकं ठणकत असतं, आणि ही मला शेजाऱ्यांनी कचऱ्याचा बिन उलटा ठेवल्याचं सांगते. एका रविवारी मी दाराशी पोचले तर आत दोघी भांडत होत्या, हिब्रूत, मोठ्याने. नोआ काहीतरी ओरडून विचारत होती आणि मावशी तितक्याच जोरात उत्तर देत होती, दम लागला की थांबून पुन्हा. मी बेल वाजवली नाही. परत स्टेशनवर जाऊन बाकावर बसले आणि पुढच्या ट्रेनने घरी आले.

शेवटच्या महिन्यांत मावशीच्या तोंडी हिब्रूपेक्षा मराठीच जास्त यायला लागली. नोआला मराठी येत नाही. ती न समजता ऐकायची. मी एकदा मावशीला विचारलं, नोआने तुला माफ केलं का? "ती ऐकते गो," म्हणाली. "तेवढं पुरे."

दफनानंतरचे सात दिवस नोआ त्यांच्या रिवाजाप्रमाणे घरी बसून होती, तेव्हा माणसं येत-जात होती, काही बोलणं झालं नाही. गेल्या गुरुवारी शिफ्ट सुटल्यावर मी गेले तर ती स्वयंपाकघरात एकटीच होती. तिने चहा केला. मग सांगितलं की त्या सकाळी आई शेजारच्या कुंपणावरून आत आलेल्या लिंबांबद्दल काहीतरी सांगत होती, मराठीत, आणि वाक्य अर्धंच राहिलं. तेवढा 'लिंबू' शब्द नोआला कळला, कारण मावशीने लिंबू बोटाने दाखवलं होतं. बाकीचं काय होतं, कुणास ठाऊक. फ्रिज घरघरत होता. मग नोआ म्हणाली, "तू बोल काहीतरी. मराठीत बोल. मला समजायला नकोय."

माझे पाय दुखत होते, डोक्यात काही नव्हतं. मी म्हणाले, आज एका मुलीने भिंतीवर रंग सांडला. म्हणाले, ट्रेन उशिरा आली, इराला नवे बूट हवेत, उद्यासाठी मूग भिजत घालायचे राहिलेत. नोआने हातावर डोकं टेकलं आणि डोळे मिटले. मी मुगांचं पुन्हा एकदा सांगितलं, कारण दुसरं सुचेना. ती ऐकत राहिली. समोर तिचा चहा निवला, साय धरली, आणि मी बोलतच होते.