एका रोपाचा पाला

भाजीसाठी लाखोळी खुडावी तसा मी एकदा जवाईबापूंच्या संशोधनाचा पाला खुडला आणि एका विद्वान माणसाला वर्षभर भ्रमिष्ट करून सोडलं. तसे ते आधीच अर्धे होते, म्हणून मला पुरतं पाप लागलं नसावं.

माझ्या बहिणीचे हे जवाई गोंदियाचे. आमच्यापासून त्यांचा जिल्हा तुटल्यापासून आम्ही त्यांना परमुलखातले म्हणून चिडवतो. अखंड वस्तू बघवतच नाही असा दुसरा माणूस साऱ्या झाडीपट्टीत नसेल. पोळी वाढली की आधी तुकडे करणार, मग ताटात पुन्हा गोल जुळवणार. तोवर वरण थंड. माझ्या पुतणीच्या लग्नात उरलेल्या पत्रिका त्यांनी वेगवेगळ्या जागी फाडल्या, सारे तुकडे परातीत कालवले आणि पापड लाटणाऱ्या बायांना सांगितलं, शब्दाला शब्द जुळवून एक पत्रिका उभी करा. जीनोम, म्हणजे सजीवाचा सारा जनुकीय मजकूर, म्हणे असाच तुकड्यातुकड्यांनी हाती येतो, आणि त्यांनी स्वतः लिहिलेला प्रोग्राम तो कॉम्प्युटरवर असाच सांधतो. बाया खाली नातेवाइकांच्या नावांपाशी पोचल्या आणि अडल्या. ओळीनं तेच आडनाव. कोणाला कुठं बसवावं कळेना. जवाईबापू खूश. "इथंच तर आमचंही अडते," म्हणाले. नवरीच्या मामांनी मला बाजूला घेऊन विचारलं, यांना काही औषध सुरू आहे का.

तर त्यांना लाखोळीचा, म्हणजे लाखेच्या डाळीच्या पिकाचा, जीनोम सांधायचा होता. बर्फाचा डबा देऊन बजावून गेले, पाला एकाच रोपाचा हवा. आता जवायाला कोणी चिमूटभर पानं देतं का? तेव्हा मी स्वतःला फार शहाणी समजत होते. धानाच्या शेतातल्या साऱ्या बांधीत हिंडून कोवळे शेंडे खुडले, डबा गच्च भरला, वरून आग्रहाची एक मूठ.

पुढच्या संक्रांतीला आले ते उतरल्या चेहऱ्यानं. पोळी तुकडे न जुळवताच खाऊ लागले. खोदून विचारलं तेव्हा सांगितलं, एकाच जागी बसणारे दोन-दोन, तीन-तीन वेगळे तुकडे निघतात, एका पत्रिकेत तीन नवरदेव असावेत तसे. प्रोग्रामच चुकला, पीएचडीचे गाइडही कंटाळले. आता हे सोडून वडिलांच्या राइस मिलवर बसतो.

मी म्हटलं, "तीनच कसे, बापू? मी तर सारी बांधी खुडली होती."

बापूंचा घास हातातच राहिला. आता रागावतील म्हणून मी पदर सावरून बसले. ते घास ताटात ठेवून अगदी हळू म्हणाले, "मावशी, म्हणजे माहा प्रोग्राम चुकला नव्हता न? पुन्हा एक डाव तेच सांगा."