पाच जणांचा दावा

रत्नागिरीच्या कोर्टाबाहेर मी टायपिंग करायचो. मिरजोळ्याच्या कारखान्यातले एक निवृत्त फिटर दर तारखेला दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून यायचे. युनियनच्या करारातली पगारवाढ मालकाने पेन्शनमध्ये धरली नव्हती, म्हणून त्यांच्यासह पाच जणांनी दावा लावला होता. निकालाआधीच चौघे वारले.

कंपनीच्या वकिलाने तडजोडीचा कागद पुढे केला. "तुमच्यापुरतं मिटवून टाका, काका."

"आणि त्या चौघांच्या बायकांनी काय करायचं?" म्हणत त्यांनी कागद परत सारला.

दोन वर्षांनी पाचही जणांच्या बाजूने निकाल लागला. त्याच्या प्रती घेऊन ते स्वतः चारी घरी जाऊन आले, अगदी लांबच्या नाटे गावापर्यंत.

पुढच्या सोमवारी ते पुन्हा माझ्या टेबलापाशी उभे.

"काका, आता कसली तारीख?"

"तारीख नाय रे. घरात बोलायला कोण नाय. जरा बसू काय?"