अण्णाची कुजबुज

गुपित राखण्याच्या कामी माझ्या सावत्र भावाइतका निकामी माणूस अख्ख्या सोलापूर जिल्ह्यात दुसरा झाला नाही, होणार नाही, आणि होऊही नये. त्याला गुपितं आवडत नसत असं नाही. उलट फार आवडत. पण पंधराव्या वर्षापासून तो चादरीच्या कारखान्यात मागावर होता. एका छपराखाली वीस-बावीस माग खडखडायला लागले की तिथं बोलणं म्हणजे ओरडणं आणि ऐकणं म्हणजे समोरच्याचे ओठ बघणं. त्यामुळे अण्णा घरी साधं बोलला तरी शेजारी आपापल्या घरातून उत्तर द्यायचे, आणि तो कुणाच्या कानात कुजबुजला की कोपऱ्यावरचा पानवाला पानाला चुना लावायचा थांबायचा. एकदा लग्नाच्या पंगतीत त्यानं माझ्या कानाशी तोंड आणून फार जपून सांगितलं, "आमटी घिऊ नको. निस्तं पानी हाय." सगळ्या पंगतीनं द्रोणावर हात आडवे धरले. आमटीवाला आमच्यापर्यंत आलाच नाही. घरी जाताना अण्णा माझ्यावरच उखडला, "मी तुला गपचिप सांगितलं की, तू कशाला बोंबललास?"

ओठ बघायच्या त्याच्या सवयीनं तर एकदा जमत आलेलं लग्न मोडत होतं. मुलगी बघायला गेलेला नवरामुलगा खाली मान घालून पोहे खातो. हा गडी मुलीच्या तोंडाकडे टक लावून बसला. मुलीच्या मामाचा पारा चढला. तो उठून काही बोलणार, एवढ्यात मुलगीच खणखणीत आवाजात म्हणाली, "सातवी पास हाय म्हनलं! आता ऐकू आलं का?" अण्णा इतका खूश झाला की त्यानं तिथंच होकार देऊन टाकला. तीच आमची वहिनी. आणि चादरीचं म्हणाल तर कुणाच्याही घरी गेला की आधी चादर उलटी करून बघणार, काठ चिमटीत धरणार, सुटलेला धागा दिसला की गाठ मारणार. एका आजारी शेजाऱ्याला भेटायला गेला तेव्हा त्यानं त्या थरथरणाऱ्या म्हाताऱ्याच्या अंगावरची चादर ओढून खिडकीशी उजेडात नेली होती. "बरं वाटतंय का?" हे नंतर विचारलं.

हा माणूस मला मिळाला तो आईच्या पाटातून. माझे वडील करकंबला वारले तेव्हा मी तीन वर्षांचा होतो. वर्षभरानं आईनं सोलापूरच्या एका विधुराशी पाट लावला. त्यांना मी अप्पा म्हणू लागलो. त्या घरात कानडी-मराठी दोन्ही चालायची. थोरल्या भावाला अण्णा म्हणायचं, एवढं कानडी आईनं मला येष्टीतच शिकवून आणलं होतं. अण्णा तेव्हा सतरा वर्षांचा घोडा. त्याची अडचण माझ्यापेक्षा मोठी होती: माझ्या आईला काय म्हणायचं, हे त्याला ठरवता येईना. काही हवं असलं की तो स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून खोकायचा. एक खोकला म्हणजे भाकरी, दोन म्हणजे शेंगाची चटणी. आईनं त्याला पाच-सहा महिने काढा पाजला, बिचारीनं. मग एकदा तो खरोखरच तापानं फणफणला आणि शुद्ध हरपता हरपता त्यानं "अव्वा!" अशी हाक मारली. गल्लीतल्या चार आया धावत आल्या.

मी मात्र पहिल्या दिवसापासून त्याचा भाऊ होतो. मला सायकलच्या नळीवर बसवून तो कारखान्यात नेई आणि दिसेल त्याला ओरडून सांगे, "ह्यो माझा भाऊ!" सावत्र हा शब्द त्याच्या आवाजात कधी निघालाच नाही. पण दिलेला एक शब्द आमच्या घरात होता, आणि त्याला मुदतही होती. आमच्यात पाटाची बाई नव्या घरी जाते, तिचं पोर मात्र पहिल्या घराचं. पोर लहान आहे, सात वर्षांचं होईस्तोवर आईजवळ राहू दे, मग करकंबला परत, अशी चार माणसांत बोली झाली होती. मला यातलं काही ठाऊक नव्हतं. आई मात्र माझा वाढदिवस जवळ आला की गप्प होई.

दुष्काळाचं वर्ष सरलं, मला सातवं पुरं झालं आणि एका सुट्टीच्या दिवशी दुपारी करकंबचे माझे काका दारात उभे राहिले. माणूस वाईट नव्हता, हे आजही सांगतो. त्यांना तीन मुलीच, आणि गेलेल्या भावाचा मी एकटा. बसले, पाणी प्याले आणि खाली बघत म्हणाले, "वयनी, तुमचा काय गुन्हा न्हाय. पर बोली ती बोली. ह्यो हितं ऱ्हायला तर माझ्या भावाचं नाव पुसलं जाईल." आईनं पदर तोंडात धरला. अप्पांनी दिलेला शब्द त्यांच्याच अंगावर आला होता. अण्णाला त्यांनी आधीच बजावलं होतं, "तू मधी एक अक्षर बोलायचं न्हाय." अण्णा बापाचा शब्द पाळणारा. तो बोलला नाही. भिंतीला टेकून बसलेल्या माझ्याजवळ सरकला आणि त्यानं माझ्या कानाशी तोंड आणलं.

"रडू नको," तो कुजबुजला. "तुला नेलं तर मी बी येतो मागनं. माग सोडतो. तुझ्या काकाची ढोरं राखीन, न्हाय तर शेण काढीन. पर आत्ता सांगू नको कुनाला. येष्टी मोडनिंबापतूर गेली की मग कळू दे. तितनं काय माघारी धाडत न्हाईत."

बाहेर पानवाल्याच्या दुकानापाशी माणसं गोळा झाली होती. काका अण्णाकडे वळले. मग त्यांनी विचारलं, "ढोरं राखाय येत्यात का रं तुला?"

अण्णा दचकला. "तुमाला कुनी सांगितलं?"

काका हसले, हसता हसता त्यांच्या डोळ्यांना पाणी आलं, आणि उपरण्यानं तोंड पुसत म्हणाले, "एक पोर न्यायला आलो तर दोन गळ्यात पडाय लागली. ऱ्हाऊ द्या पोराला. पर उन्हाळ्याची सुट्टी माझी. आन् नाव माझ्या भावाचंच लागंल." आई उठली आणि काकांच्या पायावर डोकं ठेवून मोकळी रडली. अण्णा मला विचारत होता, "काय म्हनले? काय म्हनले?"

त्यानंतर दर उन्हाळ्यात मी करकंबला जाई आणि आठ दिवस रजा टाकून अण्णाही मागोमाग हजर. ढोरं राखणं त्याला काडीइतकं जमलं नाही. त्याच्या हाकेनं आमचीच काय, शिवारातली सगळी जनावरं उधळायची. पण काकूच्या सगळ्या वाकळांना त्यानं गाठी मारल्या, आणि काका पारावर त्याला शेजारी बसवून घेऊ लागले.

मी तेरा वर्षांचा असताना काकांच्या धाकट्या मुलीचं लग्न निघालं. थोरल्या दोघींच्या वेळी मी फारच लहान, म्हणून नात्यातल्याच कुणीतरी वेळ मारून नेली होती. आता कानपिळीचा मान माझा, हे मी महिनाभर शाळेत सांगत होतो. नवरीच्या भावानं नवऱ्या मुलाचा कान पिळायचा आणि नवऱ्यानं त्याला कापड द्यायचं. त्या कापडाची पॅन्ट कुठल्या शिंप्याकडे टाकायची, तेही माझं ठरलं होतं. मांडवात कुणीतरी ओरडलं, "नवरीचा भाऊ कुटं हाय?" मी बाह्या सावरून पुढं झालो. तोच काकांचा हात माझ्या खांद्यावर पडला.

"थोरला असताना धाकटा कसा पिळंल?" ते म्हणाले, आणि त्यांनी गर्दीत मागे उभ्या असलेल्या अण्णाला खूण केली.

अण्णाला आधी कळलंच नाही. दोनदा त्यानं मागे वळून पाहिलं. मग पुढं आला, हात पॅन्टला पुसले, आणि नवऱ्याचा कान त्यानं असा काही धरला, जसा कच्चा धागा धरावा. पाव्हणे म्हणाले, "पिळा की वो!" पण अण्णा कान तसाच चिमटीत धरून उभा होता. करकंबच्या त्या घराशी त्याचं रक्ताचं काहीही नव्हतं.

जेवणं झाल्यावर तो ते कापड घेऊन माझ्याजवळ आला आणि म्हणाला, "तुझा मान घेतला का रं मी? ह्ये तू घे." मी नको म्हणालो आणि दिवसभर त्याच्याशी बोललो नाही.

काका आता नाहीत. ज्या नावासाठी ते आले होते, ते मी अजून लावतो. पण त्या मांडवात अण्णाचा मला जो राग आला, तो आठवला की बरं वाटतं. खूप राग आला होता मला, आणि सावत्र भावावर तसा येत नाही.