लुकच्या वाट्याचं वाक्य

शेजारी नट राहत असला की किस्से शोधावे लागत नाहीत. कुंपणावरून आपोआप आत येतात. इथे न्यूझीलंडमध्ये, अल्बनीत, आमच्या शेजारी २०११ साली लुक आला. फ्रेंच नट, पटकथाही लिहायचा. निघताना आईला सांगून आला होता, "पडद्यावर बोलायला मिळालं नाही, तर परत येईन." आई दर रविवारी फोनवर विचारायची, "बोललास का?"

*

पहिलं काम मिळालं ते प्रेताचं. जुलैच्या थंडीत दिवसभर समुद्रकिनाऱ्यावर पडून होता. संध्याकाळी माझ्या बायकोनं, सुनंदानं, त्याला जेवायला बोलावलं. पिठलं-भात त्यानं मागून मागून घेतला.

सुनंदा हळूच म्हणाली, "अहो, प्रेताला एवढी भूक?"

*

मग चीजची जाहिरात. तुकडा तोंडात टाकायचा आणि सुखानं डोळे मिटायचे. चीज इथलंच, फ्रेंच तेवढा लुक.

"चव कशी होती रे?" मी विचारलं.

"दादा, म्हणून तर मला संवाद दिला नाही."

*

शेवटी त्यानं स्वतःच पटकथा लिहिली. नायक फ्रेंच, पानोपानी संवाद. ऑकलंडच्या एका निर्मात्यानं ती घेतली आणि नायकासाठी लुकची ऑडिशनही घेतली.

"सॉरी मेट," तो म्हणाला, "तुझा फ्रेंच अ‍ॅक्सेंट पटत नाही."

भूमिका इथल्याच, हॅमिल्टनच्या एका नटाला मिळाली. त्याला उच्चार शिकवायला लुकलाच ठेवलं!

*

आम्ही त्याला गणपतीतल्या नाटकात घेतलं. नाटक माझं, त्याला काम साहेबाचं. मराठी येत नसल्यामुळे इथेही संवाद नाही. प्रयोगाआधी सुनंदा हिरवा शालू नेसून विंगेत आली आणि लुक दोन पावलं मागे सरला. फ्रेंच नट स्टेजवर हिरवा रंग अशुभ मानतात.

"वहिनी, प्लीज, दुसरी साडी."

"लग्नाचा सीन आहे रे. हिरवी नको, तर काय पांढरी नेसू?"

तडजोड म्हणून तो अख्खा प्रवेश डोळे मिटून वावरला. नाटक संपल्यावर पुकेकोहेच्या एका काकूंनी त्याला हाताला धरून पायऱ्या उतरवून दिल्या. मग माझ्याकडे येऊन म्हणाल्या, "आंधळ्या माणसाला काम दिलंत, फार बरं केलंत हो."

*

२०१७ मध्ये सुनंदा गेली. लोक भेटायला यायचे. "आत या, चहा टाकलाय," यापलीकडे मला फारसं बोलवत नसे. लुक रोज यायचा आणि सिंकपाशी उभा राहून कपबशा विसळायचा.

"हे कोण?" पाहुणे विचारायचे.

"शेजारी," मी सांगायचो.

*

२०१९ मध्ये त्याला एका मालिकेत भूमिका मिळाली. नुकतीच बायको गेलेला माणूस; भेटायला आलेल्यांपुढे तो मन मोकळं करतो. संवाद पान भरून होते. त्या संध्याकाळी तो माझ्याकडेच टीव्ही बघायला आला.

पडद्यावर बेल वाजली. लुकनं दार उघडलं, आलेल्यांना वाट करून दिली. मग म्हणाला, "आत या, चहा टाकलाय." सीन संपला.

बोलला एकदाचा. मला हायसं वाटलं.

तेवढ्यात त्याच्या आईचा फोन आला. त्यानं ते वाक्य तिला म्हणून दाखवलं. पलीकडून काहीतरी विचारलं गेलं.

"काय म्हणतायत?" मी म्हटलं.

"एवढंच का, म्हणते."

"मग तू काय सांगितलंस?"

"बाकीचं मीच काढायला लावलं."