मावशी मागं बघते

बंद पडलेल्या सहकारी साखर कारखान्याचं भंगार निघालं, तेव्हा मांजरसुंब्याच्या एका भंगारवाल्याकडं मला फिल्मचे जुने डबे मिळाले. मी पुण्यात चित्रपट शिकत होते. असल्या टाकून दिलेल्या चित्रणातून एक ग्रीक पुराणकथा नव्यानं सांगायची, असं डोक्यात होतं. एक गवई मेलेल्या बायकोला पाताळातून परत आणत असतो. वाटेत मागं वळून बघायचं नाही, ही अट तो मोडतो आणि ती कायमची जाते.

डब्यांत कारखान्याच्या रस्त्याचं काम होतं, मोठ्या दुष्काळातलं. खडी फोडणाऱ्या बायका, धूळ, आवाज नाहीच. एक तरुण बाई घागर घेऊन निघते, थोडी पुढं जाते, थांबते आणि मागं बघते. मला हाच तुकडा हवा होता. माझ्या कथेत बाईच वळणार होती. रिळं मी डिजिटल करून घेतली.

सुट्टीत गावी गेले तेव्हा तो आईला लॅपटॉपवर दाखवला. आईनं तोंडावर पदर धरला. ती बाई माझी थोरली मावशी होती. त्याच उन्हाळ्यात विहिरीची दरड कोसळून ती गेली, एवढंच मला ठाऊक होतं. घरात तिचा एकही फोटो नव्हता.

मी आईला ती ग्रीक कथा सांगितली. मावशी कॅमेऱ्याकडं बघतेय, असंही म्हणाले.

“क्यामेऱ्याकडं न्हाई,” आई म्हणाली. “माज्याकडं बघतीया. मला लई तहान लागलती. बिगीनं ये म्हणून मीच मागून हाक मारलती.”

त्या घाईत मावशी ढासळत्या विहिरीत उतरली. बाहेर निघालेल्या माणसाला आई कधीच मागून हाक मारत नाही, धावत पुढं जाऊन अडवते. जुनी समजूत असेल, असंच मी धरून चालले होते.

हे उलटं फिरवता येतं का, तिनं विचारलं. मी फिरवलं. मावशी पाठमोरी मागं मागं चालत आली, घागर ठेवून खडीवर बसली.

“आता गप बस,” आई हळूच म्हणाली. मला नाही, स्वतःतल्या त्या तहानलेल्या पोरीला.

मग ती रोज तेच लावायला सांगू लागली. ताट तसंच राहायचं. गल्लीत टँकर आला तरी उठायची नाही. मी घाबरले. लॅपटॉप घेऊन पुण्याला आले आणि माझ्या फिल्ममध्ये त्या तुकड्याच्या जागी काळा पडदा ठेवला.

पुण्यात फिल्म दाखवली त्याच आठवड्यात शेजारच्या काकूंचा फोन आला. आई दिवसभर बंद टीव्हीच्या काळ्या पडद्यासमोर बसून असते, म्हणाल्या, आणि मधूनच ‘आली बग माघारी’ म्हणून हसते. मी मिळेल ती गाडी धरली.