चतुरामावशीची कंबर

चतुरामावशी दवाखान्यातल्या बाकावर कधी बसली नाही. माझ्या खिडकीशेजारी दार होतं. त्याच्या चौकटीच्या कडेला कंबर टेकवून ती उभी राहायची आणि तिथून सगळ्या रांगेवर नजर ठेवायची. एकदा तापाने कण्हणाऱ्या एका तगड्या माणसाला तिने विचारलं, "कावून कण्हतो रे, बाळंत व्हायलास का?" रांग हसली. तोही हसला. मावशी मात्र तोंड वाकडं करून कंबर चौकटीवर घासत राहिली.

धारूरच्या एका लहान दवाखान्यात मी कोडिंगचं काम करते. डॉक्टर केसपेपरवर निदान लिहितात आणि मी त्याचा ठरलेला कोड संगणकात भरते. कामाला लागले तेव्हा एकच नियम पुन्हा पुन्हा सांगितला गेला: डॉक्टरांनी लिहिलं तेवढंच भरायचं. पेशंट काय म्हणतो, आपल्याला काय वाटतं, ते नाही. मला हा नियम आवडला होता. इंग्रजी शाळेत शिकलेली मी, कुणाशी बोलायचं तर आधी मनात वाक्य जुळवते. फार न बोलता करायचं काम मला हवंच होतं. मावशीने ते पहिल्याच दिवशी ओळखलं. "पोरी, तुझी बोली लई इस्त्री केल्यावाणी हाय. घडी मोडायला भ्यातीस व्हय?"

ती श्रावणात पहिल्यांदा आली. मी नाव, गाव, वय टाइप करत होते आणि ती खिडकीत वाकून सांगत होती. "वाकल्यावर न्हाई दुखत, उठताना दुखतंय. उसाची मोळी डोक्यावर घेऊन फळीवरनं ट्रकात चढलं की डाव्या पायात करंट मारतो, पार अंगठ्यापस्तोर. राती पाय माझा हाय का दुसऱ्याचा, ते कळत न्हाई." इतकं नेमकं दुखणं मी कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं. मग ती आत गेली, दोन मिनिटांत बाहेर आली. केसपेपरवर एकच शब्द होता: कंबरदुखी. खाली पाच दिवसांच्या गोळ्या. मी यादी उघडली आणि 'कंबरदुखी, तपशील नाही' ही ओळ निवडली. एम ५४.५. त्याच्या बरोबर वरची ओळ होती कंबरेतून पायात उतरणाऱ्या दुखण्याची. एम ५४.४.

फरक एका ओळीचा, पण मोठा. महिन्यातून एका शनिवारी अंबाजोगाईहून हाडांचे डॉक्टर आमच्याकडे येतात. त्यांना कुणी दाखवायचं ती नावं संगणक कोडवरून काढतो. वरच्या ओळीतली माणसं त्या यादीत जातात. खालच्या ओळीतली माणसं गोळ्या घेऊन घरी जातात.

मावशी दर पंधरा दिवसांनी येत राहिली. दरवेळी खिडकीत सगळं सांगायची, आत गेली की पदर ओढून म्हणायची, "कंबर दुखतीय." एकदा मी धीर करून विचारलं, "मावशी, हे आत का सांगत नाही?"

तिने आधी मागे पाहिलं. "मागं एका दवाखान्यात सगळं सांगितलं व्हतं. तर गर्भाची पिशवीच काढली माझी. कंबरेचं दुखणं व्हतं तिथंच! जास्त सांगितलं की जास्त कापतेत, पोरी."

तिला घाई होती. दसऱ्यानंतर ऊसतोडीच्या गाड्या निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. अर्धा कोयता मुकादम नेत नाही. ती गेली नाही तर तिच्या जागी रेखा जाणार होती, तिची मुलगी. रेखा यंदा दहावीला. "तिचे पेपर होऊस्तोर ही कंबर टिकली पायजे. मग मोडू दे मेली."

डॉक्टर वाईट नव्हते. तरुण होते, एकटे होते आणि सकाळपासून दाराशी रांग असायची. त्यांना सांगणं माझ्या हातात होतं. मी वाक्य जुळवलं, दोनदा घोकलं आणि एका दुपारी त्यांच्या टेबलापाशी गेले. कानात स्टेथोस्कोप, खांद्यावर फोन, अशा अवस्थेत त्यांनी विचारलं, "काय?"

"स्टेपलच्या पिना संपल्यात," मी म्हणाले.

नवरात्रात मावशी आली तेव्हा तिच्या डाव्या पायात चप्पल नव्हती. मी विचारलं तर तिने खाली पाहिलं आणि ती स्वतःच चकित झाली. "अगं बया. कुठं गळाली, मालूमच न्हाई." मी त्या धुळीने भरलेल्या पायाकडे बघत राहिले. मग उठले आणि आत जाऊन सगळं सांगितलं. वाक्य जुळवलं नाही. पिशवीचंसुद्धा सांगितलं.

डॉक्टरांनी तिला टेबलावर निजवून पाय सरळ वर उचलला, तशी ती ओरडली. अंगठा वर कर म्हटल्यावर तो जेमतेम हलला. त्यांनी केसपेपरवर सहा ओळी लिहिल्या आणि मान वर न करता म्हणाले, "हे आधी का नाही सांगितलं?" कुणाला विचारलं, ते मला कळलं नाही.

मी वरची ओळ निवडली. नाव यादीत गेलं.

"शनिवारी या, मावशी."

"शनवारी? आमची गाडी गुरवारी हाय."

डॉक्टर म्हणाले जाऊ नका, बुधवारी थेट अंबाजोगाईला जा, चिठ्ठी देतो. तिने चिठ्ठी घेतली, घडी घालून चोळीत ठेवली आणि सगळ्याला मान डोलावली. बुधवारी ती संसार बांधत असणार. शनिवारी शिपायाने तिच्या नावाचा तीनदा पुकारा केला. गैरहजेरीचं कारण निवडल्याशिवाय संगणक पुढे जाईना. मी 'वैयक्तिक' निवडलं.

ती चैत्रात आली, काठी टेकत. डावं पाऊल फरशीवर फटफट आपटत होतं. हाडांच्या डॉक्टरांनी तिला तपासलं, फोटो पाहिला. नस फार दिवस दबून राहिली, म्हणाले. ऑपरेशनने दुखणं कमी होईल, पावलातलं बळ परत येईल असं सांगता येत नाही.

ती खिडकीशी आली. मी विचारलं, "रेखाचे पेपर?"

"दिले की! समदे दिले. गणिताला रडली, पण दिला." तिचा चेहरा उजळला होता. आजवर तिला इतकं खुशीत मी पाहिलं नव्हतं.

"मग आता अकरावी?"

"आता कशाची अकरावी? मी या पायानं फळीवर चढते व्हय? औंदा तीच जाईल बापासंगं." ती रांगेतल्या माणसांना बोलायची त्याच सुरात हे बोलली. मग केसपेपर आत सरकवला. "डॉक्टरनं लई लिवलंय ह्या बारीला. नीट भर, बाई. चूक नगं व्हायला."

मी भरलं. एकेक अक्षर तपासून भरलं.